अंगठा उठला नाही तर जायचं कुणाकडं?

गेल्या महिन्यात कोल्हापूरच्या दसरा चौकात एका परिसंवादाला गेलो होतो. विषय होता डिजिटल तंत्रज्ञान आणि गरिबांचा विकास. एका बाजूचं म्हणणं असं, की सगळं ऑनलाइन करा, मधला माणूस काढून टाका, गरिबी आपोआप हटेल. दुसऱ्या बाजूचं म्हणणं, आधी पाणी, रस्ते, शाळा द्या. डेटा खाऊन कुणाचं पोट भरत नाही. दोन तास हेच चाललं, टाळ्याही दोघांना मिळाल्या. मी अस्वस्थ होऊन बाहेर पडलो. आदल्याच रविवारी गावी रेशन दुकानासमोर जे पाहिलं होतं, त्याला या दोन्ही भाषणांत कुठंच जागा नव्हती.

आमच्या भावकीतली एक आक्का आहे. सत्तरी ओलांडलेली, उभा जन्म भांगलणीत गेलेला. तिनं मशीनवर अंगठा ठेवला, उठला नाही. पदराला पुसून पुन्हा ठेवला. मग पहिलं बोट, मग डावा हात. दुकानदारानं साबणानं हात धुऊन यायला सांगितलं, ती धुऊन आली. खुरप्याच्या मुठीनं झिजलेल्या बोटांवर रेघा उरल्याच नव्हत्या. मागं रांग चुळबूळ करायला लागली. आक्का म्हणाली, "बोट माझंच हाय की रं, मग ह्ये न्हाई कसं म्हणतंय?" दुकानदार लहानपणापासून तिच्या ओळखीचा. वाईट माणूस नव्हे. तो खाली मान घालून म्हणाला, "आक्का, माझ्या हातात काय न्हाई."

माझा सगळा मुद्दा त्या एका वाक्यात आहे. गरीब देशात डिजिटल तंत्रज्ञानानं विकास होतो की नाही, हे यंत्र किती भारी आहे यावर फारसं अवलंबून नसतं. यंत्र "नाही" म्हणालं, तर ते "नाही" फिरवायचा अधिकार असलेला आणि न फिरवल्यास जाब द्यावा लागणारा माणूस चालत जाण्याच्या अंतरावर आहे का, यावर ते ठरतं. तो असेल तिथं साधा बटणांचा फोनसुद्धा घर वर काढतो. तो नसेल तिथं कोट्यवधींची प्रणाली हक्काच्या माणसाला रिकाम्या पिशवीनं परत पाठवते.

उत्साही मंडळींच्या बाजूनं जे बोलण्यासारखं आहे ते खरं आहे आणि मोठं आहे. सातबाऱ्याच्या एका उताऱ्यासाठी माझे वडील चावडीला किती हेलपाटे घालायचे, ते मी पाहिलंय. तलाठी तात्या आज नाहीत, उद्या या, उद्या मीटिंग आहे. आज तोच डिजिटल सहीचा उतारा १५ रुपयांत घरबसल्या निघतो. यूपीआय २०१६ मध्ये आलं आणि ऑक्टोबर २०२४ या एका महिन्यात त्यावर १,६५८ कोटी व्यवहार झाले. रंकाळ्यावरच्या भेळवाल्यापासून शिवाजी पेठेतल्या पंक्चरवाल्यापर्यंत सगळे त्यात आले. आणि हे आपल्यापुरतं नाही. केनियात २००७ साली सफारीकॉम कंपनीनं एम-पेसा ही मोबाईलवरून पैसे पाठवण्याची सोय सुरू केली. तवनीत सुरी आणि विल्यम जॅक या अर्थतज्ज्ञांनी २०१६ साली दाखवून दिलं, की या सोयीमुळं १ लाख ९४ हजार कुटुंबं, म्हणजे देशातली दोन टक्के घरं, अतिदारिद्र्यातून वर आली. सुमारे १ लाख ८५ हजार बायका पोटापुरती शेती सोडून छोट्या धंद्याकडं वळल्या. केरळच्या किनाऱ्यावर १९९७ ते २००१ या काळात मोबाईल पोचले, तेव्हा रॉबर्ट जेन्सन यांनी मच्छीमारांचा हिशोब मांडला. समुद्रातूनच फोन करून कुठल्या बंदरावर भाव आहे हे कळू लागल्यावर मासळी फेकून देणं जवळपास थांबलं, मच्छीमारांचा नफा आठ टक्क्यांनी वाढला आणि गिऱ्हाइकाला मासळी चार टक्क्यांनी स्वस्त मिळाली. विकणारा खूश आणि घेणाराही खूश, असं बाजारात किती वेळा घडतं? हे सगळं नाकारून "गरिबाला मोबाईल कशाला" म्हणणं हा त्या गरिबाच्या अकलेचा अपमान आहे. त्यानं पोटाला चिमटा काढून फोन घेतला, तो काही हिशोब करूनच.

पण याच उदाहरणांच्या जरा आत शिरलं की वेगळं चित्र दिसतं. केनियाच्या त्या अभ्यासात मुख्य माप कशाचं घेतलं होतं? फोन किती घरांत आले याचं नव्हे. घरापासून एम-पेसाचा एजंट किती जवळ आला, त्याचं. एजंट म्हणजे कोपऱ्यावरचा दुकानदार. रोख घेऊन खात्यात टाकणारा, खात्यातले काढून देणारा, पैसे अडकले की ज्याच्यासमोर जाऊन उभं राहता येतं असा. "मधला माणूस काढला म्हणून केनिया पुढं गेला" असं सांगणारे लोक बरोब्बर उलटं सांगत असतात. तिथं मधली माणसं हजारोंनी उभी केली, म्हणून ती सोय चालली. केरळचंही तसंच. किनाऱ्यावर लिलाव उघड होता, कुठल्याही बंदरावर नाव लावायची मोकळीक होती, म्हणून फोनवरचा भाव कामाला आला. पुढं तिथंच गेलेल्या इतर संशोधकांना दिसलं, की ज्या मच्छीमारांनी लिलाववाल्याकडून कर्ज घेतलेलं असतं, त्यांना भाव कळूनही दुसरीकडं जाता येत नाही.

कोल्हापूरकरांना हे केरळवरून शिकायची गरज नाही. शाहू महाराजांनी १८९५ साली गुळाच्या व्यापारासाठी शाहूपुरी वसवली, तेव्हापासून गुऱ्हाळवाला आणि अडत्या यांचं नातं आपण बघत आलोय. हंगामाच्या तोंडावर अडत्याकडून उचल घेतली, की गूळ त्याच्याच दारात उतरतो. भाव आज मोबाईलवर सकाळीच कळतो. कळून काय करायचं? उसाचंही तेच. कारखान्याचा काटा डिजिटल झाला, वजनाचा मेसेज शेतकऱ्याला लगेच येतो. पण काटा खरा आहे का, हे मेसेज सांगत नाही. म्हणून तर शेतकरी संघटनांना बाहेरच्या काट्यावर वजन करून आणायची मुभा मागावी लागली. आकडा पडद्यावर लाल दिव्यांत उमटला म्हणून तो खरा ठरत नाही. दुसऱ्या ठिकाणी तपासून घेता आला, तरच त्याला अर्थ.

आता दुसऱ्या बाजूकडं. आधी शाळा, मग संगणक, असं म्हणणाऱ्यांच्या पदरात सगळ्यात भक्कम पुरावा पेरू देशाचा आहे. तिथल्या सरकारनं गरीब मुलांसाठी आठ लाखांहून जास्त लॅपटॉप घेतले. आंतर-अमेरिकन विकास बँकेनं २०१२ मध्ये मूल्यमापन केलं, तर गणितात आणि भाषेत मुलांची काहीच प्रगती दिसली नाही. शिक्षक तयार नव्हते, अभ्यासक्रम तसाच होता, यंत्र तेवढं नवं होतं. आपण २०२० च्या टाळेबंदीत हेच भोगलं. शाहूवाडी, गगनबावडा, चंदगडच्या वाड्यांवरची पोरं रेंजसाठी टेकाडावर जाऊन बसत. माझा एक पुतण्या घरात एकच मोबाईल असल्यानं एक दिवसाआड शाळा शिकला. तो दिवस कुणाच्या वाट्याला जायचा आणि बहिणीचा का बुडायचा, हे घरात आधीच ठरलेलं होतं. त्या सहावीतल्या मुलीच्या बुडालेल्या दिवसांची नोंद कुठल्याही पोर्टलवर सापडणार नाही.

तरीही "आधी हे, मग ते" ही मांडणी मला पटत नाही. विकास असा रांगेत उभा राहून येत नसतो. विकसनशील देशांत वीज किंवा स्वच्छ पाणी असलेल्या घरांपेक्षा मोबाईल असलेली घरं जास्त आहेत, हे जागतिक बँकेनंच २०१६ साली सांगितलं. गरिबानं वाट पाहिलीच नाही. आणि गरिबाच्या दारात योजना आज डिजिटल रूपातच येते आहे. पेन्शन, पीकविमा, शिष्यवृत्ती, रेशन, सगळं. आपल्याला नको म्हणून ती थांबत नाही. तेव्हा ती कुठल्या अटींवर यावी, यावर भांडायचं सोडून ती यावी की नको यावर भांडत बसलो, तर अटी दुसराच कुणीतरी ठरवून टाकतो.

वारणेचं उदाहरण मला इथं फार महत्त्वाचं वाटतं, आणि परिसंवादात कोल्हापुरात बसून कुणाला ते आठवलं नाही याचं वाईटही वाटतं. १९९८ साली वारणा खोऱ्यातल्या कोल्हापूर आणि सांगली जिल्ह्यांच्या ७० गावांत संगणक केंद्रं उभी करायचा प्रकल्प सुरू झाला. देशात त्याचा मोठा गाजावाजा होता. बाजारभाव, आरोग्य, शेतीसल्ला, सरकारी दाखले, सगळं गावात मिळणार होतं. काही वर्षांनी मायक्रोसॉफ्टच्या बंगळुरूच्या संशोधन संस्थेतली माणसं पाहायला आली, तेव्हा केंद्रांवर प्रामुख्यानं एकच काम चालू होतं, उसाचं. तोडीची परवानगी, टनेज, खतांचा हिशोब. तेवढ्याला संगणकही लागत नाही, असं त्यांच्या लक्षात आलं आणि काही गावांत त्यांनी तेच काम साध्या फोनवरच्या एसएमएसनं करून दाखवलं. लोक याला फसलेला प्रकल्प म्हणतात. मला विचाराल तर त्यातून काय तगलं ते बघा. तगला तो उसाचा हिशोब, कारण त्याच्यामागं साखर कारखाना होता, गट ऑफिस होतं, तोडीची चिठ्ठी देणारा चिटबॉय होता, आणि तोड लांबली तर जाऊन ओरडायला एक दार होतं. बाकीच्या सेवांच्या मागं दारच नव्हतं. त्याच संस्थेचे एक संस्थापक केंतारो तोयामा पुढं सांगत राहिले, की तंत्रज्ञान माणसांची आणि संस्थांची असलेली ताकद वाढवतं, नसलेली आणून देत नाही. वारणेच्या उसानं ते आधीच सिद्ध केलं होतं.

माझ्या म्हणण्याचा सगळ्यात स्पष्ट पुरावा मात्र आपल्याच देशातल्या दोन राज्यांत आहे. कार्तिक मुरलीधरन, पॉल नीहाउस आणि संदीप सुखटणकर या तिघांनी एकत्रित आंध्र प्रदेशात १५७ मंडलांमध्ये, म्हणजे तिथल्या तालुक्यांसारख्या भागांत, स्मार्टकार्डचा अभ्यास केला. बोटाचा ठसा देऊन रोजगार हमीची मजुरी आणि पेन्शन घ्यायची, अशी ती योजना. मजुरी लवकर हातात पडू लागली, गळती कमी झाली, मजूर समाधानी होते. याच तिघांनी नंतर झारखंडमध्ये रेशनच्या आधार जोडणीचा अभ्यास केला. तंत्र त्याच जातीचं, बोटाच्या ठशाचंच. पण सुरुवातीच्या टप्प्यात गळती कमी झाल्याचं दिसलं नाही आणि ज्यांचं आधार जोडलेलं नव्हतं, त्या खऱ्याखुऱ्या लाभार्थ्यांच्या धान्याला कात्री लागली. फरक कुठं पडला? आंध्रात ज्याच्याकडं कार्ड नव्हतं किंवा ज्याचा ठसा जुळला नाही, त्यालाही पैसे देण्याची वाट उघडी ठेवली होती, आणि मजुरांचा अनुभव सुधारणं हा तिथल्या सरकारचा उद्देशच होता. झारखंडमध्ये वाचलेले पैसे हे यशाचं माप ठरलं. सप्टेंबर २०१७ मध्ये सिमडेगा जिल्ह्यात अकरा वर्षांची एक मुलगी गेली. तिच्या घरचं रेशनकार्ड आधारशी जोडलं नाही म्हणून रद्द झालेलं होतं. आई म्हणत होती पोर भूक भूक करत गेली, प्रशासन म्हणत होतं आजारानं गेली. कार्ड रद्द झालं होतं, याबद्दल मात्र वाद नाही. त्यानंतर महिन्याभरात केंद्रानं राज्यांना कळवलं, की आधारअभावी कुणाचं धान्य तोडू नका. तो कागद आजही आहे. आमच्या आक्काला त्याचा उपयोग झाला नाही, कारण कागद दिल्लीत होता आणि दुकानदाराच्या हातात काही नव्हतं.

अंगठ्याचा इतिहासही लक्षात ठेवायला हवा. बंगालमधल्या जंगीपुरात १८५८ साली विल्यम हर्शेल या इंग्रज अधिकाऱ्यानं रस्त्याच्या सामानाचा करार करताना एका बंगाली ठेकेदाराच्या पंजाचा ठसा कागदावर घेतला. ठेकेदार शब्दावरून फिरू नये, हा हेतू. पुढं १८७७ मध्ये तो पेन्शनच्या पावत्यांवर ठसे घेऊ लागला, मेलेल्याच्या नावावर दुसरा कुणी पैसे उचलू नये म्हणून. १८९७ साली कलकत्त्यात जगातलं पहिलं फिंगरप्रिंट ब्युरो निघालं. हे तंत्र आपल्याकडं जन्मलं ते रयतेवरच्या अविश्वासातून. सरकार खोटं बोलत असेल, नोंद सरकारचीच चुकली असेल, ही शक्यता त्या ठशात धरलेलीच नव्हती. सव्वाशे वर्षांनी मशीन बदललं. आक्का खरी आहे की खोटी, एवढंच ते अजून विचारतं. आक्कानं मशीनला काही विचारायची सोय त्यात अजूनही नाही.

याच्या नेमकं उलट कसं करतात, ते याच शहरानं दाखवलंय. कोल्हापूर संस्थानात गावचं दप्तर पिढीजात कुलकर्ण्याच्या ताब्यात असायचं. कुणाची जमीन किती, कुणाचा सारा थकला, सगळं त्या दप्तरात. ते वाचता येणारा माणूस तोच, आणि तो बदलायचाही नाही. शाहू महाराजांनी १९१८ मध्ये कुलकर्णी वतन रद्द केलं आणि पगारी तलाठी नेमला, ज्याची बदली होऊ शकते, ज्याला वर जाब द्यावा लागतो. पण त्याच्या आदल्या वर्षी, १९१७ मध्ये, त्यांनी प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचं केलं होतं. या दोन गोष्टी आपण वेगवेगळ्या धड्यांत शिकतो. मला त्या एकच वाटतात. नोंद ठेवणारा जबाबदार हवा आणि ज्याची नोंद आहे त्याला ती वाचता यायला हवी, यातलं एक असून चालत नाही. आज दप्तर सर्व्हरवर आहे. नियम प्रोग्रॅममध्ये लिहिलेला आहे. अर्ज का फेटाळला, याचं उत्तर "तांत्रिक कारण" असं येतं. शिकलेल्या माणसालाही ते वाचता येत नाही, मग तलाठी तरी काय सांगणार? शंभर वर्षं आपण अंगठेबहाद्दराला सही शिकवण्यात घालवली आणि आता पदवीधर पोरालाही अंगठ्यावर आणून उभं केलंय.

यावर सगळ्यात जोरदार आक्षेप येतो, आणि तो मी हलक्यात घेत नाही. माणसाच्या हातात पुन्हा अधिकार दिला, की पुन्हा चिरीमिरी, पुन्हा ओळखपाळख, पुन्हा जात. याच जाचातून सुटायला तर संगणक आणला ना? बरोबर आहे. पण संगणकानं अधिकार नाहीसा होत नाही, तो फक्त दिसेनासा होतो. आमच्याच सातबाऱ्याचं सांगतो. संगणकीकरणात आमच्या एका गटाचं क्षेत्र ४० आरचं ४ आर झालं. कुणाच्या तरी बोटाखाली एक शून्य पुढं सरकलं असणार. कलम १५५ खाली दुरुस्तीचा अर्ज केला. इथून तिथं, तिथून इथं. प्रत्येक जण म्हणायचा, माझ्या लॉगिनला ते दिसत नाही. चूक व्हायला एक क्षण लागला, निस्तरायला दीड वर्ष. तेवढ्या काळात पीककर्जाला तो गट चालला नाही. भ्रष्ट तलाठ्यावर निदान आवाज चढवता आला असता. लॉगिनवर कुणी आवाज चढवायचा?

माणूस काढून भ्रष्टाचार जात नाही. माणसाचं काम उघड्यावर आणलं की तो जातो, आणि हे कसं करायचं ते राजस्थानातल्या मजुरांनी दाखवलं. मजदूर किसान शक्ती संघटनेनं १९९४ पासून गावागावात जनसुनवाई घेऊन हजेरीपटातली नावं मोठ्यानं वाचून दाखवली. मेलेल्या माणसांच्या नावावर मजुरी, न बांधलेल्या भिंतींची बिलं, सगळं लोकांसमोर आलं. तिथून माहितीच्या अधिकाराची चळवळ उभी राहिली आणि २०१९ मध्ये राजस्थान सरकारचं जन सूचना पोर्टल निघालं, ज्यावर कुणाला किती धान्य गेलं हे गावातला कुणीही पाहू शकतो. तेही डिजिटलच आहे. पण तिथं मशीनचं तोंड लोकांकडं वळवलंय. सरकार लोकांना तपासतं तसं लोकही सरकारला तपासतात. आपल्याकडंही २०१७ मध्ये संगणकीकृत सातबाऱ्याचं चावडीवाचन झालं होतं. आमच्या गावात त्या दिवशी पारावर जेवढ्या चुका निघाल्या, तेवढ्या कुठल्याही हेल्पलाइनवर निघाल्या नसत्या.

आणि हे रोजच्या रोज चालू शकतं, याला माझ्या गावातली दूध संस्था साक्ष आहे. पहाटे साडेपाचला किटल्यांची रांग लागते. काटा डिजिटल, फॅट मशीन डिजिटल, पावती छापून हातात. दिवाळीच्या आधी माझ्या चुलतभावाच्या म्हशीची फॅट एका सकाळी ३.२ लागली. रोज सातच्या आसपास लागते. भाऊ जागचा हलला नाही. सेक्रेटरीनं "मशीन असंच दाखवतंय" म्हणून वाटेला लावलं नाही. दूध ढवळून पुन्हा नमुना घेतला, मशीन धुतलं, परत लावलं. ७.१. आधीची पावती फाडून नवी दिली. पाच मिनिटांचं काम. सेक्रेटरी फार मोठा संत आहे अशातला भाग नाही. भाऊ सभासद आहे, वार्षिक सभेत उभा राहून बोलतो, दर दहा दिवसांचं बिल पावत्यांशी ताडून बघतो, हे सेक्रेटरीला ठाऊक आहे. रेशनचं मशीन आणि फॅटचं मशीन यांत चिपचा फरक नाही. एकाच्या मागं असा माणूस बसलाय ज्याला मशीनचं खोडता येतं आणि खोडलं नाही तर सभेला तोंड द्यावं लागतं.

आमचं मागणं त्यामुळं अगदी साधं आहे. ठसा जुळला नाही तर दुकानदारानं वहीत नोंद करून, गावच्या रेशन दक्षता समितीच्या एका सदस्याच्या सहीनं धान्य त्याच दिवशी द्यावं. कुणाचं नाव योजनेतून कमी झालं, तर कुठल्या कारणानं आणि कुणाच्या सहीनं, हे मराठीत लिहून घरी पोचवावं. आणि त्या महिन्यात किती जणांचे अंगठे उठले नाहीत, ती यादी ग्रामसभेत वाचावी. सतरा जणांच्या सह्यांचा अर्ज ग्रामपंचायतीत देऊन त्याची पोच घेतली आहे. आक्कानं त्यावर सही केली आहे, अंगठा नाही. प्रौढ शिक्षणाच्या वर्गात चाळीस वर्षांपूर्वी शिकलेली, हात कापतो म्हणून जरा वाकडी आलेली, पण वाचता येते.